डार्क अ‍ॅनिमे: जपानी ऑडिओ लावायचा का इंग्लिश डब?
साताऱ्यात आमच्या ग्रुपमधे यावरनं रोज वाद होतोय म्हणून सांगतो, आधी कथा कुठं घडते ते बघा. 'मॉन्स्टर' बहुतेक जर्मनीत घडतं, 74 एपिसोड, तिथं इंग्लिश डब अजिबात खटकत नाही. पण 'डेथ नोट' जपानीतच बघा, आवाज देणाऱ्या मामोरू मियानोनं लाइट या नायकाचा आवाज शांतपणातनं वेडाकडं कसा नेलाय, काटा येतो राव अंगावर!

तरी ठरत नसेल तर हेडफोन लावून एकच कुजबुजीचा सीन दोन्हीत ऐका, ओरडणं कुणालाही जमतं, अडकलेला श्वास ऐकू येतोय का ते बघायचं. आणि जपानी लावलं की सीसी (क्लोज्ड कॅप्शन, म्हणजे कमी ऐकू येणाऱ्यांसाठीचे सबटायटल) नको, त्यात बऱ्याचदा डबचेच डायलॉग असतात, साधे सबटायटल निवडा. जेवता जेवता बघणार असाल तर मात्र डबच.