अनेक आत्म्यांचा एक जीव लिहिताना या चुका टाळा

अद्भुतकथा लिहायला घेतली की कधी ना कधी हा जीव हवासा वाटतोच: मेलेल्या माणसांचे आत्मे एकत्र सांधून घडवलेला. कल्पना दमदार आहे, पण दर वेळी त्याच त्या ठिकाणी मार खाते.

सगळ्यात जास्त नासाडी क्रियापदात होते. मराठीत "मी" म्हटलं की क्रियापद बहुतेकदा बाई की पुरुष ते सांगून टाकतं. एका हस्तलिखितात पाच आत्म्यांचा रक्षक होता: दोन सैनिक, एक सुईण, एक नावाडी आणि आठ वर्षांची एक मुलगी. पहिल्या प्रकरणात तो म्हणतो "मी थांबलो", तिसऱ्यात "मी थांबले". वाचक सरसावून बसतो, सुईण बोलायला लागली! पुढची दहा पानं तो तिची वाट बघतो आणि ती येतच नाही, कारण तिथे लेखकाचा नुसता हात घसरलेला असतो. मग तो प्रसंग येतो ज्यासाठी सगळी कथा रचली आहे: मुलगी पहिल्यांदा शरीराचा ताबा घेते आणि म्हणते, "मी घाबरले." काहीच होत नाही. त्या एका "ले"वर वाचकाने विश्वास ठेवणं केव्हाच सोडलेलं असतं.

हे मुद्रितशोधनावर सोडू नका, लिहितानाच ठरवा. सगळे आत्मे एकमताने बोलत असतील तेव्हा "आम्ही" वापरा. "आम्ही थांबलो" यात लिंग कळत नाही. ताबा कोणाकडे आहे हे लपवायचं असेल तर "मी थांबेन" किंवा "मला आठवतं" असं लिहा. "मी दार उघडलं" हेही चालतं, कारण तिथे क्रियापद दाराच्या मागे जातं, बोलणाऱ्याच्या नाही. "थांबलो" आणि "थांबले" हे मात्र राखून ठेवा, मुखवटा उतरवायचा असेल तेव्हासाठी. आणि "आपण" तर फारच जपून. "आम्ही" ऐकणाऱ्याला बाहेर ठेवतं, "आपण" त्याला आत ओढतं. असा जीव एखाद्या जिवंत माणसाला "आपण आता निघू" म्हणाला, की पुढचा आत्मा कोणाचा हे न सांगता कळतं. अख्ख्या कथेत हे एकदाच करा.

दुसरी चूक बेरजेची. पाच आत्मे म्हणजे पाचपट बळ, असं धरून चालणारे फार. सांधलेल्या वस्तूला सांधा असतो आणि ती तिथेच उकलते. महाभारतातला जरासंध बघा. दोन राण्यांनी एक आंबा अर्धा अर्धा खाल्ला, दोघींना अर्धं अर्धं मूल झालं आणि जरा राक्षसीने ती शकलं जोडली. भीमाने त्याला चिरला तरी शकलं पुन्हा जुळायची. प्रचलित कथेत कृष्ण काडी चिरून तुकडे उलट दिशांना टाकून दाखवतो, तेव्हा कुठे तो मरतो. जन्म जिथे, मरण तिथेच, आणि नावातही तेच. तुमच्या जीवाचा सांधा कशाचा आहे? दिलेला शब्द, समान शत्रू, की बळजबरी? याचं उत्तर एका वाक्यात देता येत नसेल तर पहिलं प्रकरण लिहू नका. "आधी कथा होऊ दे, आत्मे नंतर बघू" म्हणणाऱ्यांची कथा मधल्या प्रकरणांत हमखास बसते.

आत्मे ३ ते ५ ठेवा. सातवा लेखकालाच आठवत नाही.

प्रत्येकासाठी एका पानावर चार गोष्टी लिहून ठेवा: मरण कसं आलं, काय अपुरं राहिलं, कशाने जाग येते आणि हाताची एक सवय कोणती. यातली शेवटची सगळ्यात कामाची. दोर दिसला की बोटं आपोआप गाठ मारायला लागतात, बोलणारा मात्र सैनिकच आहे. नावाडी आत जागा झाल्याचं एवढ्यावरूनच कळतं. रंगीत डोळे आणि बदलते आवाज हा आळशीपणा आहे.

आत्म्यांची आतली चर्चा तीन-चार वाक्यांच्या पुढे गेली की सभेचं इतिवृत्त होतं.

एकच घटना दोघांना आठवत असेल तर ती दोन तऱ्हांनी आठवू द्या. लढाईत मारणारा आणि मेलेला दोघेही आत असतील तर मग बाहेरच्या खलनायकाची गरजही उरत नाही.

शेवटी तो जीव तुटतो तेव्हा बहुतेक जण नुसता प्रकाशाचा स्फोट करून मोकळे होतात. असं करू नका, क्रम ठरवा. शेवटी सांधलेला आत्मा आधी सुटतो, हा हिशेब वाचकाला पटतो. एकेक जण जाताना त्याची सवय हातातून जाते. गाठ अर्धवट राहते आणि बोटांना पुढचा वेढा आठवत नाही. सगळ्यात आधी सांधलेली ती आठ वर्षांची मुलगी एकटी मागे उरते, पाच जणांच्या मापाच्या शरीरात. ती सवयीने "आम्ही" म्हणायला जाते, थांबते, आणि मग म्हणते, "मी राहिले."