जोडचिन्हांची जादू रचताना

अद्भुतरम्य कादंबरीसाठी स्वतःची जादू रचायला बसलेला नवा लेखक बहुधा चिन्हे काढण्यापासून सुरुवात करतो. मीही तसेच केले होते. पहिल्या वहीत मी १०८ चिन्हे काढली, प्रत्येकाला नाव दिले, रंग दिला, दैवत दिले. तीन महिन्यांनी हिशेब केला तेव्हा लक्षात आले की त्यांच्या दोन-दोनच्या क्रमवार जोड्याच ११,६६४ होतात आणि त्यांपैकी एकीचाही अर्थ मी ठरवलेला नाही. आज माझ्याकडे नऊ चिन्हे आहेत: पाणी, अग्नी, वाट, दार, बी, गाठ, सावली, स्मृती आणि मौन. त्यांच्या क्रमवार जोड्या ८१ होतात आणि एवढे काम एका माणसाच्या आवाक्यातले आहे. नव्याने या कामाला लागणाऱ्यांनी आधी चिन्हांमधला सांधा रचावा आणि चिन्हे त्यानंतर निवडावीत, असे मी आग्रहाने सांगेन.

सांधा कसा असतो हे पाहायला आपल्याला दूर जावे लागत नाही, कारण आपण रोज जोडाक्षरे लिहितो. ‘क्’ला ‘र’ जोडला की ‘चक्र’मधला ‘क्र’ मिळतो आणि क्रम उलटला की ‘अर्क’मधला ‘र्क’. पहिल्या अक्षरातला ‘अ’ निघून जातो, ते अर्धे होते आणि स्वराचा भार शेवटचे अक्षर वाहते. हाच नियम मी जादूसाठी घेतला: जोडीतले पहिले चिन्ह आपले निम्मे बळ गमावते आणि परिणाम काय होणार हे शेवटचे चिन्ह ठरवते. म्हणून ‘पाणी-वाट’ लिहिले की नदी दुभंगून कोरडी वाट निघते आणि ‘वाट-पाणी’ लिहिले की पायवाटेचाच पाट होऊन तिच्यातून पाणी वाहू लागते.

जोडाक्षरे याहूनही पुढचे शिकवतात. ‘दर्या’ आणि ‘दऱ्या’ हे दोन शब्द शेजारी लिहून पाहावेत. सुटे केले तर दोन्हींत द, र् आणि या एवढेच निघते. पण र् डोक्यावर रफार होऊन बसला की समुद्र होतो आणि तोच आडवा होऊन पुढच्या अक्षराला चिकटला की डोंगरातल्या दऱ्या होतात. म्हणजे कोणती चिन्हे जोडली आणि कोणत्या क्रमाने जोडली, एवढे सांगून भागत नाही. ती कोणत्या अंगाने जोडली हेही ठरवावे लागते. माझ्या नऊ चिन्हांपैकी फक्त ‘सावली’ला मी अशा दोन जागा दिल्या आहेत. सगळ्यांनाच दिल्या असत्या तर वाचक गोंधळला असता.

‘क्ष’ आणि ‘ज्ञ’ यांचे ऋण तर मी कधीच विसरणार नाही. ‘ज्ञ’कडे पाहून त्यात ज् आणि ञ आहेत हे न शिकवता कोणाला ओळखता येणार नाही आणि मराठीत आपण त्याचा उच्चारही ‘द्न्य’ असा करतो. माझ्या कथेतले सर्वांत जुने दार अशाच एका चिन्हाने बंद झालेले आहे, ज्याचे घटक कोणते होते हे गावातल्या कोणालाही आठवत नाही, आणि नायिकेचे सारे शिक्षण ते चिन्ह फोडून पाहण्यातच होते.

क्रमामागे कारण असावे, हे मला यीजिंग या प्राचीन चिनी शकुनग्रंथावरून उमगले. तिथे अखंड आणि तुटक अशा दोनच रेषांपासून सहा रेषांच्या ६४ आकृत्या होतात. पृथ्वी वर आणि आकाश खाली असलेली आकृती सौख्याची मानतात, कारण वर चढणारे आकाश आणि खाली उतरणारी पृथ्वी एकमेकांना भेटतात. तीच जोडी उलटी ठेवली की दोघे दुरावतात आणि सगळे खोळंबते. लेखकाने क्रम ठरवताना असे कारण स्वतःशी मांडलेले असले, की वाचक पुढची जोडी आपणहून ताडू शकतो.

आता चुकीविषयी. चौदाव्या प्रकरणात सोयीसाठी मी ‘मौन’चा नियम बदलला आणि आधीच्या तीन प्रकरणांतल्या घटना अशक्य होऊन बसल्या. खजुराहोच्या पार्श्वनाथ मंदिरात चार बाय चार घरांचे चौतिसा यंत्र आहे. १ ते १६ हे अंक त्यात असे बसवले आहेत की प्रत्येक ओळीची, स्तंभाची, कर्णाची बेरीज ३४ येते आणि शेजारच्या कोणत्याही चार घरांच्या चौकोनाचीही. दुसऱ्या ओळीतला १३ बदलून पाहावा: त्याची ओळ, त्याचा स्तंभ, एक कर्ण आणि चार छोटे चौकोन, अशा सात बेरजा एकदम कोसळतात. नियम बदलावासा वाटला की मी आता आधी हे यंत्र कागदावर मांडते.

यासाठी नोंदवही हवीच. माझ्या वहीत नऊ बाय नऊ घरांचा तक्ता आहे. प्रत्येक घरात परिणाम, किंमत आणि ती जोडी प्रथम आलेल्या प्रकरणाचा क्रमांक असतो. जी चिन्हे जुळतच नाहीत त्यांच्या घरावर फुली मारलेली असते आणि या फुल्या सर्वांत आधी माराव्यात, कारण संकटातले पात्र जे करू शकत नाही त्यातूनच प्रसंग उभा राहतो. चिन्ह कशाने आणि कशावर लिहायचे, लिहायला किती वेळ लागतो, अर्धवट राहिले तर काय होते, हेही तिथेच लिहावे. तीन चिन्हांची गाठ पूर्ण व्हायला शंभर श्वास लागतात असे एकदा ठरवले, की लढाईच्या प्रसंगात नायिकेला पाठ राखणारा सोबती लागतो आणि तो सोबती कथेत आपोआप येतो.

शेवटी तक्ता झाकून एखाद्या वाचकाला दोन-चार जोड्या सांगाव्यात आणि पाचवी त्याला सोडवू द्यावी. माझ्या बारा वर्षांच्या भाचीला मी ‘स्मृती-बी’ विचारले तेव्हा ते घर माझ्याकडे रिकामेच होते. तिने थोडा विचार केला आणि म्हणाली, “मावशी, शेवटी बी आहे ना? मग आजीची आठवण मातीत पेरता येईल आणि तिचं रोप येईल, पण पेरणाऱ्याला ती अर्धीच आठवेल.” एकविसावे प्रकरण त्या रोपाचे आहे.