व्हिडिओ आर्ट करताय? आधी मोबाईलचा ऑटो मोड बंद करा

आठवणीवर काहीतरी करायचंय म्हटलं की पोरं पहिलं काय करतात, तर सेपिया मारतात, वर थोडं ब्लर आणि मागं बासरी. अरे, सेपिया हा जुन्या फोटोच्या कागदाचा रंग आहे, आठवणीचा नव्हे. सोडा ते.

माझं खरं डोकं फिरतं ते ऑटो एक्स्पोजरवर, म्हणजे चित्र किती उजळ ठेवायचं ते फोन स्वतःच ठरवतो त्यावर. सांगलीत गावभागातल्या एका पोराची आयडिया भारी होती. २०१९ च्या पुराची रेघ आज्जीच्या घरात भिंतीवर अजून आहे, संध्याकाळचं ऊन खिडकीतनं त्या रेघेवरून सरकत जातं आणि मग रेघ अंधारात जाते, बास, एकच फ्रेम, कट नाही. फुटेज बघतोय तर अंधार कुठाय? बाहेर उजेड उतरतोय तसा मोबाईल आयएसओ, म्हणजे उजेड टिपायची संवेदनशीलता, चढवत गेलेला, त्यामुळं खोली जवळपास शेवटपर्यंत तेवढीच उजळ, फक्त चित्रात मुंग्या वाढत गेल्या. उन्हाचा पिवळेपणा ऑटो व्हाइट बॅलन्सनं (पांढरा पांढराच दिसावा म्हणून फोन रंग आपोआप बदलतो, त्यानं) धुतला तो वेगळाच. वर हा म्हणतो, "सर, एडिटमध्ये डार्क करतो की!" कर बाबा, मुंग्यापण डार्क होतील.

मी कॅमेऱ्याच्या प्रो मोडला, म्हणजे सगळं हातानं ठरवायच्या सेटिंगला, जातो, भिंतीवरचा उन्हाचा तुकडा पांढरा फट्ट होणार नाही एवढंच बघून आयएसओ, शटर (एक फ्रेम किती वेळ उजेड घेते ते), व्हाइट बॅलन्स, फोकस सगळं लॉक करतो, एअरप्लेन मोड टाकतो आणि चहाला जातो. फोनजवळ बसलं की हात शिवशिवतात. दोन तासाचा उजेड दहा मिनिटात पाहिजे असणाऱ्यांनी रील करावं.

ट्यूबखाली काळे पट्टे सरकतात? आपली वीज ५० हर्ट्झची, दिवा सेकंदाला १०० वेळा कमीजास्त होतो. सेकंदाला २५ फ्रेम, शटर १/५० नाहीतर १/१०० सेकंद ठेवा, पट्टे जातील.

फाईल ग्रुपवर व्हिडिओ म्हणून टाकू नका, अंधाराचे नुसते चौकोन होतात. डॉक्युमेंट म्हणून पाठवा.

दाखवताना प्रोजेक्टरचे ल्युमेन, म्हणजे तो किती उजेड टाकतो ते, विचारायच्या आधी खिडक्यांना काळं कापड लावा. आणि उन्हातनं आत आलेल्या माणसाच्या डोळ्याला अंधाराची पुरती सवय व्हायला २०-३० मिनिटं लागतात, तुमचा सगळ्यात अंधारा शॉट मात्र पहिल्याच मिनिटाला! त्याला मागं ढकला.

पडद्यावर उजेडाचे फ्लॅश मारायचा सोस असेल तर सेकंदाला तीनच्या वर जाऊ नका, काहींना त्यानं फिट येते. जायचंच असेल तर पाटी लावा, आणि ती दाराबाहेर, आतल्या अंधारात कोण वाचणार?