द लास्ट ऑफ अस दुसऱ्यांदा खेळताय? न्यू गेम प्लसमध्ये या चुका टाळा

मे महिन्यातली दुपार, बाहेर भुसावळचं ऊन, आणि चाळीसगावहून मावसभावाचा फोन. तो द लास्ट ऑफ अस हा व्हिडिओ गेम एकदा संपवून न्यू गेम प्लसमध्ये, म्हणजे पहिल्या वेळची कमाई सोबत घेऊन, पुन्हा पहिल्यापासून खेळत होता. "भो, माझ्या गना गेल्या सगळ्या. बोस्टनमध्ये नुसतं पिस्तूल घेऊन फिरून राहिलोय, बाकी बॅग रिकामी. सेव्ह खराब झाली का?"

सेव्ह, म्हणजे साठवून ठेवलेला खेळ, खराब झाली नव्हती. पण फोन करायच्या आधी त्याने एक काम करून टाकलं होतं, ते म्हणजे जुनी, पूर्ण झालेली सेव्ह डिलीट. त्याला वाटलं परत पहिल्यापासून न्यू गेम प्लस चालू केलं की गना येतील, आणि जागा हवी म्हणून जुनी उडवली. सुट्टीतले पंधरा दिवस रात्री जागून केलेले अपग्रेड त्या एका बटणाने गेले. त्या दिवसापासून जो कोणी मला म्हणतो की आता दुसऱ्यांदा खेळणार आहे, त्याला मी आधी बसवून या सगळ्या गोष्टी सांगतो, आणि आता इथे लिहून ठेवतोय. एक विनंती, गेमच्या दोन्ही पार्टची (पार्ट वन आणि पार्ट टू) स्टोरी एकदा पूर्ण केली नसेल तर इथंच थांबा, पहिला अनुभव एकदाच मिळतो, तो माझ्यामुळे जायला नको.

अपग्रेड सोबत येतात, बंदूक नाही

ही पहिली आणि सगळ्यात कॉमन चूक. न्यू गेम प्लसमध्ये तुमचं शिकलेलं सोबत येतं, म्हणजे औषधाच्या गोळ्या खाऊन वाढवलेली ताकद आणि वर्कबेंचवर (हत्यारं सुधारायचं टेबल) बंदुकीला लावलेले पार्ट्स. बंदूक मात्र कथेत जिथं मिळते तिथंच मिळणार. पार्ट वनमध्ये धनुष्य आणि शॉटगन हवी तर बिल नावाच्या माणसाच्या गावापर्यंत जावंच लागेल, फ्लेमथ्रोअर युनिव्हर्सिटीत, त्याच्या आधी नाही. फरक एवढाच की हातात येईल तेव्हा ती आधीच तुम्ही केलेल्या अपग्रेडसकट येईल. म्हणून सुरुवातीचे दोन-तीन तास बॅग हलकी दिसली तर घाबरू नका, काही बिघडलेलं नाही. आणि थंडीचा भाग आला की खेळ जोएलकडून, म्हणजे आपण खेळतो त्या माणसाकडून, त्याच्यासोबतच्या एली या मुलीच्या हातात जातो, तिथं जोएलची बॅग नसते, तेव्हाही मला एका मित्राचा असाच फोन आला होता.

सेव्हचं सांगायचं तर, गेम संपल्यावर मॅन्युअल सेव्ह एका वेगळ्या स्लॉटमध्ये करा आणि त्या स्लॉटला नंतर हात लावू नका. न्यू गेम प्लस त्याच पूर्ण झालेल्या सेव्हवरून सुरू होतं, तिच्यावर दुसरं काही लिहिलं की झालं. नवीन रनचे सेव्ह खालच्या स्लॉटमध्ये करत जा. पीएस ४ असेल तर सेव्ह पेनड्राइव्हवर कॉपी करता येते, तेवढी करून ठेवा. पीएस ५ च्या गेमची सेव्ह पेनड्राइव्हवर जात नाही, तिथं क्लाउड लागतं आणि क्लाउडला पीएस प्लसचं सदस्यत्व लागतं. पीएस ४ वरच्या रीमास्टर्डची (त्याच गेमची आधीची आवृत्ती) जुनी सेव्ह २०२२ मध्ये नव्याने बनवलेल्या पार्ट वनमध्ये चालत नाही, त्यामुळे जुने अपग्रेड तिकडे येतील या आशेवर कोणी विकत घेऊ नका.

तीच डिफिकल्टी ठेवणं

माझ्या मते दुसऱ्या रनची मजा इथंच जाते किंवा इथंच वाचते, म्हणून जरा सविस्तर सांगतो.

हा सर्व्हायव्हल गेम आहे, म्हणजे थोडक्या सामानावर जीव वाचवायचा. अंधाऱ्या तळघरात क्लिकरचा, म्हणजे आवाजावर शिकार करणाऱ्या आंधळ्या बाधिताचा, तो टकटक आवाज आल्यावर पोटात गोळा येतो, कारण आपल्याकडे दोन गोळ्या आणि अर्धी पट्टी असते. आता तुमची तब्येत वाढलेली, बंदूक हलत नाही, पट्टी झटपट बांधली जाते, लिसन मोड (आवाजावरून भिंतीपलीकडचे शत्रू दाखवणारी सोय) लांबपर्यंत ऐकतो, आणि डिफिकल्टी, म्हणजे गेम किती अवघड ते, मात्र तीच जुनी मॉडरेट (मधली). मग क्लिकर म्हणजे रस्त्यातला दगड, बाजूला करा आणि पुढं चला. चार तासात कंटाळा येतो आणि लोक म्हणतात दुसऱ्यांदा काही मजा नाही यार. मजा नाही कारण टंचाईच उरली नाही.

आमच्या गल्लीत नळाला रोज पाणी येत नाही. ज्या दिवशी येतं त्या दिवशी ड्रम, बादल्या, कळशा, शेवटी भगोणी पण भरून ठेवतात, आणि मग पुढच्या पाण्यापर्यंत कोणत्या कामाला किती हे आई ठरवते. या गेमचं खरं सुख तेच हिशोबाचं आहे. दुसऱ्या रनमध्ये नळ चोवीस तास चालू ठेवला तर आईचं ते डोकं लागतच नाही कुठे.

पार्ट टूमध्ये यावर फार छान सोय आहे. डिफिकल्टीत कस्टम निवडलं की पाच वेगवेगळ्या गोष्टी सेट करता येतात: प्लेअर, शत्रू, सोबती, स्टेल्थ (लपून खेळणं) आणि रिसोर्सेस (सापडणारं सामान). बहुतेक लोक पाचही एकदम वर नेतात, मग शत्रूच्या दोन गोळ्यात मरतात आणि चिडून परत खाली आणतात. मी काय करतो, रिसोर्सेस सर्व्हायव्हरवर, म्हणजे हार्डच्याही वरच्या पातळीवर, टाकतो, शत्रू आणि स्टेल्थ हार्डवर, आणि प्लेअर मॉडरेटच ठेवतो. म्हणजे अपग्रेडचा उपयोग तर होतो, पण कपाट उघडल्यावर आत काही निघेल का ही धाकधूक राहते. प्रत्येक बाटली, प्रत्येक वीट परत कामाची होते.

ग्राउंडेडची, म्हणजे सगळ्यात अवघड पातळीची, घाई करू नका. पार्ट टूमध्ये ऑगस्ट २०२० च्या अपडेटने ग्राउंडेड आणि परमाडेथ आले. ग्राउंडेडमध्ये लिसन मोड नाही आणि स्क्रीनवर गोळ्या-तब्येत काही दिसत नाही, म्हणजे पहिल्या रनमध्ये लिसन मोडवर घातलेल्या सगळ्या औषधाच्या गोळ्या वाया. ग्राउंडेड करायचंच असेल तर पहिल्या रनपासून तब्येत आणि बंदुकीची स्थिरता याच्यावर खर्च करा. परमाडेथमध्ये पूर्ण गेम, अ‍ॅक्ट किंवा चॅप्टर असा पर्याय मिळतो, म्हणजे मेल्यावर किती मागं जायचं ते. आपल्याकडे लाइट कधी जाईल सांगता येत नाही, तेव्हा पूर्ण गेमवाला पर्याय माझ्या ओळखीत मी कोणालाच सांगत नाही, चॅप्टरवाला घ्या.

त्याच अपडेटमध्ये इन्फिनिट अ‍ॅमो वगैरे मॉडिफायर पण आलेत. ते चॅप्टर सिलेक्टमध्ये (हवा तो भाग निवडून खेळायची सोय) टाइमपास म्हणून लावा, पूर्ण दुसऱ्या रनला नको.

पार्ट्स आणि औषधाच्या गोळ्या चुकीच्या जागी घालणं

पहिल्या रनमध्ये सगळं अपग्रेड होत नाही, दोन्ही पार्टमध्ये नाही. दुसरी रन त्याच्यासाठीच आहे. पण वर्कबेंच दिसलं की लोक आधीच भारी झालेल्या पिस्तुलाचा उरलेला एक चौकोन भरायला पळतात. पार्ट वनमध्ये आधी होल्स्टर (बंदूक हाताशी ठेवायची जागा) बघा. छोट्या बंदुकीचा आणि मोठ्या बंदुकीचा जास्तीचा होल्स्टर राहिला असेल तर पहिले पार्ट्स तिथं. कारण बॅग उघडून बंदूक बदलताना गेम थांबत नाही, समोरचा रनर (धावून येणारा बाधित) तुमच्यावर येतच असतो, आणि त्या दोन सेकंदात जितके लोक मेलेले मी बघितले तितके दांडग्या ब्लोटर बाधिताने पण मारले नसतील. फ्लेमथ्रोअर उशिरा मिळतो, त्याच्यावर सुरुवातीपासून जीव ओतू नका.

पार्ट टूमध्ये अजून एक गोष्ट लक्षात ठेवायची, एली आणि अ‍ॅबी या दोघींना आपणच खेळवतो, पण दोघींचं खातं वेगळं. एलीकडे साठवलेले पार्ट्स अ‍ॅबीला मिळत नाहीत. "पुढं लागतील" म्हणून सिएटलच्या तिसऱ्या दिवशी पन्नास-साठ पार्ट्स खिशात घेऊन फिरणारे असतात, आणि मग खेळ अ‍ॅबीकडे जातो, तिचं सगळं वेगळं, कौशल्याच्या शाखा वेगळ्या. वर्कबेंच दिसलं की खर्च करा.

अल्कोहोल आणि चिंधीचं तर जुनंच दुखणं आहे. पट्टी आणि मॉलोटोव्ह दोन्ही त्याच्यातूनच बनतात. तब्येत वाढलेली म्हणून दुसऱ्या रनमध्ये सगळे मॉलोटोव्ह करून बसू नका, रिसोर्सेस वर टाकले असतील तर एक पट्टी कायम तयार पाहिजे.

शिव संपवून टाकणं

हे फक्त पार्ट वनचं. शिव म्हणजे ब्लेड बांधून बनवलेला, लवकर तुटणारा कच्चा चाकू. शिवने उघडायचे तेरा दरवाजे आहेत, आणि आत चांगला माल असतो, कधीकधी ट्रेनिंग मॅन्युअल पण. शिव मास्टर अपग्रेड झालेलं असल्याने लोक बिनधास्त होतात, क्लिकरने धरलं तरी वाचतो म्हणून अंगावर जातात. पण त्या वाचण्यात पण शिवच खर्च होतो की. दरवाजा समोर आला आणि हातात ना शिव ना ब्लेड, मग तिथं उभं राहून काही होत नाही. एक शिव दरवाज्यासाठी, तो क्लिकरला द्यायचा नाही, एवढा नियम ठेवा. एलीच्या चाकूला हा त्रास नाही, तो तुटत नाही.

लिसन मोडवर पूर्ण भरवसा

अपग्रेड केलेला लिसन मोड भिंतीपलीकडचं सगळं दाखवतो असं वाटतं आणि मग माणूस डोळे-कान वापरायचं सोडतो. पार्ट टूमध्ये स्टॉकर (लपून हल्ला करणारे बाधित) त्याच्यात दिसतच नाहीत. पडक्या ऑफिसात शांतता दिसली म्हणून सरळ उभं राहून चाललात की मागून येतोच. हेडफोन लावा, आमच्याकडे मे महिन्यात कूलर चालू असतो, त्या घरघरीत टीव्हीच्या स्पीकरवर स्टॉकरचा श्वास ऐकू येणं शक्यच नाही.

"मला माहितीये" म्हणून पळत सुटणं

पार्ट टूमधल्या तिजोरीचे कोड पाठ असतात. जॅक्सनच्या सुपरमार्केटचा ०७-२०-१३, सिएटलच्या बँकेचा ६०-२३-०६. कोड माहीत आहे म्हणून चिठ्ठी न उचलता सरळ तिजोरी उघडली जाते, आणि ती चिठ्ठीच आर्टिफॅक्ट (गोळा करायच्या वस्तूंपैकी एक) असते. कलेक्शन पूर्ण करायला निघालात आणि चिठ्ठ्याच सोडल्या तर परत चॅप्टर सिलेक्ट. एलीचे ट्रेडिंग कार्ड, अ‍ॅबीची नाणी, सगळं याच पळापळीत राहतं.

पण मला खरं वाईट वाटतं ते वेगळ्या गोष्टीचं. पार्ट वनमध्ये ३७ ऑप्शनल गप्पा आहेत, बहुतेक एलीशी. त्यातल्या काही फक्त तुम्ही थांबलात तरच होतात. पिट्सबर्गमध्ये ती जोकचं पुस्तक काढते, पण तुम्ही दार उघडून पुढं गेलात तर राहिलं ते. बिलच्या गावात ती शिट्टी वाजवायला शिकत असते. पहिल्या वेळी आपण जीव वाचवण्याच्या गडबडीत असतो, हे ऐकायला होत नाही. दुसऱ्या वेळी तब्येत आहे, गोळ्या आहेत, पुढं कोण उभा आहे ते माहीत आहे, म्हणजे आता तरी उभं राहून ऐकता येतं. शेवट माहीत असताना तिचे ते फालतू जोक ऐकले ना, की जोएलच्या तोंडावरचा प्रत्येक भाव वेगळा दिसतो. मी तर पार्ट टूमध्ये गिटार हातात आली की घरच्यांना सांगतो दहा मिनिटं कोणी आवाज देऊ नका. कटसीन स्किप करायचं बटण आहे म्हणून दाबू नका, निदान दुसऱ्या रनमध्ये तरी नाही.

पीसीवाल्यांसाठी

पार्ट वन पीसीवर २८ मार्च २०२३ ला आला तेव्हा फार अडखळत होता, नंतरच्या पॅचेसने सुधारला. तेव्हा इन्स्टॉल करून सोडून दिलेला असेल तर आधी पूर्ण अपडेट होऊ द्या. पहिल्यांदा चालू केल्यावर शेडर्स (चित्र दाखवायला लागणारे छोटे प्रोग्राम) बनतात, त्याला वेळ लागतो, तो मेन्यूवरच पूर्ण होऊ द्या, अर्ध्यात खेळायला घेतला तर अटकत अटकत चालतो आणि लोक म्हणतात गेमच खराब. सेटिंगमध्ये व्हीरॅम (ग्राफिक्स कार्डची मेमरी) किती लागतंय ते दाखवणारी पट्टी आहे, ती तुमच्या कार्डच्या पुढं गेली तर आधी टेक्स्चर कमी करा, बाकी सगळं नंतर. जागा पार्ट वनला १०० जीबी, पार्ट टूला १५० जीबी, आणि एसएसडीच.

लॅपटॉपवर खेळणाऱ्यांनी आपल्याकडची गरमी हलक्यात घेऊ नका. पारा ४४-४५ ला असताना लॅपटॉप गादीवर ठेवून दुपारी खेळलं की अर्ध्या तासात फ्रेम पडतात आणि शेवटी मशीन स्वतःच बंद होतं. हा गेमचा बग नाही. मागून दोन पुस्तकांवर उचलून ठेवा, फ्रेम ३० किंवा ४० ला लॉक करा, आणि जमलं तर रात्री जेवणं झाल्यावर बसा, अंधारात तसाही हा गेम जास्त चांगला लागतो.

लाइटचं शेवटी. कोपऱ्यात ऑटोसेव्हचं चिन्ह फिरत असताना लाइट गेली तर सेव्ह फाइल अर्धी लिहिली जाऊ शकते. घरच्या इन्व्हर्टरवर असाल तर एकदा नुसत्या मेन्यूवर असताना मेन स्विच बंद करून बघा, इन्व्हर्टरवर जाताना कन्सोल रीस्टार्ट होतो का. होत असेल तर मधे कॉम्प्युटरचा यूपीएस लावा. मावसभावाने लावलाय. त्याने पहिल्यापासून सगळं परत खेळून जूनमध्ये सेव्ह पूर्ण केली, वेगळ्या स्लॉटमध्ये ठेवली, आणि परवा त्याचा मेसेज आला की बिलच्या गावात शॉटगन मिळाली, आणि ती पूर्ण अपग्रेडवाली आहे.