बँकॉकचा ग्रँड पॅलेस आणि कालव्यातली बोट एकाच दिवशी करताय? मग या चुका टाळा

बँकॉकला जाऊन आलेल्या ओळखीच्या लोकांना ग्रँड पॅलेस कसा वाटला विचारलं की बरेच जण "ऊन फार होतं हो, गर्दी पण खूप" एवढंच सांगतात, आणि बोटीचं विचारलं तर "हो ती पण झाली". मला खरंच वाईट वाटतं ऐकून. आम्ही दोनदा गेलो, पहिल्यांदा ग्रुप टूरमधून आणि दुसऱ्यांदा आई आणि आत्याला घेऊन स्वतः सगळं ठरवून, आणि दोन्ही वेळचा फरक जमीन-अस्मानाचा होता. जागा त्याच, पैसे पण साधारण तेवढेच, फरक पडला तो फक्त कुठलं आधी आणि कुठलं नंतर याचा. म्हणून जरा सविस्तर लिहितोय.

सगळ्यात मोठी चूक म्हणजे बोट सकाळी आणि पॅलेस दुपारी. पहिल्या वेळी आमच्या टूरवाल्यांनी असंच केलं होतं, सकाळी कालवा, मग जेवण, मग दीड वाजता पॅलेस. आता पॅलेसमधे उघडं अंगण, खाली फरशी तापलेली, सावली फक्त भिंतीच्या कडेला, आणि तिकीट खिडकी साडेतीनला बंद होते म्हणून सगळे पळत होते. आईसारखं कोणी बरोबर असेल तर हे शक्यच नाही. उलट बोटीला वर छप्पर असतं आणि चालू असली की वारा लागतो, त्यामुळे दुपारचं ऊन बोटीत सहन होतं, पॅलेसमधे नाही. म्हणून साडेआठला गेट उघडतं तेव्हाच तिथे हजर राहा. मेट्रोने सनाम चाय स्टेशनला उतरून चालत जाता येतं किंवा स्कायट्रेनने सफान ताक्सिनला उतरून खालच्या साथोर्न धक्क्यावरून नारिंगी झेंड्याची नदीतली प्रवासी बोट धरायची आणि था चांग धक्क्यावर उतरायचं. या बोटीला 16 बात (बात हे थाई चलन) पडतात आणि ट्रॅफिकचा प्रश्नच येत नाही. टॅक्सीने निघालात तर सकाळच्या ट्रॅफिकमधे अर्धा तास सहज जातो.

गेटच्या अलीकडे एखादा छान इस्त्रीचा शर्ट घातलेला माणूस हसत येतो आणि सांगतो की पॅलेस आज बंद आहे, राजघराण्याचा कार्यक्रम आहे, दुपारी उघडेल, तोवर 20 बातमधे टुकटुकने दुसरी मंदिरं बघून या. इथे फसू नका. त्या टुकटुकचा शेवट कुठल्यातरी रत्नांच्या नाहीतर सूट शिवणाऱ्या दुकानात होतो. राजघराण्याच्या कार्यक्रमासाठी काही भाग बंद असतो हे खरं आहे, पण ते तुम्हाला गेटवरचा युनिफॉर्ममधला माणूस सांगेल किंवा अधिकृत वेबसाइटवर असेल, रस्त्यावरचा माणूस नाही. आमच्याशी पण एक जण असाच बोलायला आला होता, आत्या सरळ "नको रे बाबा" म्हणून पुढे चालत गेली आणि गेट उघडंच होतं. कोणी फारच मागे लागलं तर टुरिस्ट पोलिसांचा नंबर 1155, तो मोबाईलमधे आधीच सेव्ह करून ठेवा.

कपड्यांवरून परत पाठवलेले लोक मी दोन्ही वेळा बघितले. हाफ पँट, स्लीव्हलेस, फाटकी जीन्स, पारदर्शक कापड, काहीच चालत नाही. आणि खांद्यावर ओढणी घेतली की काम होईल असं वाटतं पण स्लीव्हलेसवर नुसती ओढणी गेटवर मान्य करत नाहीत. मग बाहेरच्या दुकानातून घाईत हत्तीच्या छापाची पँट घ्यावी लागते. पंजाबी ड्रेस असेल तर काही बघायलाच नको. देवाच्या जागी जाताना आपणही असंच करतो, त्यामुळे याचा राग येऊ देऊ नका. तिकीट परदेशी माणसाला 500 बात आहे, आणि त्याच तिकिटात सला चालेर्मक्रुंग थिएटरचा खोन नृत्याचा छोटा प्रयोग पण येतो हे कोणी सांगत नाही, तिकीट फेकू नका.

आता मुख्य गोष्ट. आत गेल्यावर लोक सोनेरी कळसांचे फोटो काढतात, आवारातल्या मंदिरात हिरव्या बुद्धाच्या मूर्तीला हात जोडतात आणि बाहेर पडतात. आपण मराठी माणसं तिथे जाऊन भिंती न बघता परत येतो ही मला सगळ्यात मोठी चूक वाटते! मंदिराभोवती जी लांब ओसरी आहे तिच्यावर 178 चित्रांमधे अख्खं रामायण रंगवलंय. त्याला ते रामाकियन म्हणतात. राम तिथे फ्रा राम आहे, लक्ष्मण फ्रा लक, सीता नांग सिदा, आणि रावण म्हणजे थोत्साकान, म्हणजे आपला दशकंठच. हनुमान पांढराशुभ्र आहे आणि तो ब्रह्मचारी नाही, त्याची लग्नं-प्रेमं आहेत, हे ऐकून आत्या पाच मिनिटं काही बोललीच नाही. पण मग तिनेच पुढच्या प्रत्येक चित्रात हनुमान शोधून दाखवला. दरवाज्यावर उभे असलेले ते मोठमोठे राक्षस पण याच गोष्टीतले, त्यात हिरव्या रंगाचा रावणही आहे. चित्रं उत्तरेकडच्या दारापासून सुरू होतात, उजवी घालत जायचं म्हणजे प्रदक्षिणेसारखंच. सगळी बघणं होत नाही, पण अर्धा तास तरी द्या. इथले राजे स्वतःला राम म्हणवतात, 1782 मधे हा पॅलेस बांधणारा पहिला राम आणि आत्ताचे दहावे, हे त्या भिंतीसमोर उभं राहिलं की नीट कळतं.

हिरवा बुद्ध फक्त 66 सेंटिमीटरचा आहे आणि खूप उंचावर बसवलाय, त्यामुळे "एवढाच?" असं पटकन तोंडातून निघतं. त्याच्या अंगावरचा पोशाख बघा, उन्हाळा, पावसाळा, थंडी असे तीन पोशाख आहेत आणि ते बदलण्याचा विधी राजाचा असतो. विठोबाला थंडीत रजई-कानटोपी घालतात ते ज्यांनी बघितलंय त्यांना हे वेगळं समजावून सांगायला लागत नाही. आत फोटो नाही, पाय मूर्तीकडे करून बसायचं नाही, चपला बाहेर. आणि राजघराण्याबद्दल वेडंवाकडं मोठ्याने बोलायचं नाही, तिथे त्याला कायद्याने 15 वर्षांपर्यंत शिक्षा आहे.

गाईडबद्दल. थायलंडमधे गाईडचं काम थाई नागरिकांसाठीच राखीव आहे, त्यामुळे आपल्याबरोबर इथून आलेला टूर मॅनेजर आत उभा राहून समजावू शकत नाही. बुकिंग करताना "मराठी गाईड" असं लिहिलेलं असेल तर नक्की विचारा की पॅलेसमधे कोण बोलणार आहे. लायसन्सचं कार्ड गळ्यात असलेला थाई गाईड घ्या, इंग्लिश जरा कानाला सवय व्हायला वेळ लागतो पण त्याला माहिती असते. आमच्या दुसऱ्या वेळच्या बाई फार प्रेमाने सांगत होत्या, आईच्या गुडघ्यांकडे बघून त्यांनी स्वतःच रस्ता बदलला.

पॅलेसनंतर वाट फो (थाईत वाट म्हणजे देऊळ), चालत दहा-पंधरा मिनिटं. 46 मीटर लांब निजलेला बुद्ध, पायाच्या तळव्यावर शिंपल्याचं काम, मागच्या बाजूला 108 वाडग्यांमधे नाणी टाकत जायची. थाई मसाजची जुनी शाळा इथेच आहे, आईने अर्धा तास पाय दाबून घेतले आणि तिचा उरलेला दिवस त्यामुळे नीट गेला. जेवणाचं शाकाहारी लोकांनी इथेच बघून घ्या, कारण भाजीत पण फिश सॉस असतो. "जे" असा शब्द सांगायचा, पिवळ्यावर लाल अक्षरात तसं लिहिलेलं दिसलं की निर्धास्त. आम्ही दशम्या आणि शेंगदाण्याची चटणी नेली होती, ती बोटीत उपयोगी पडली.

मग बोट. धक्क्यावर भाव ठरवताना बोटीचा ठरवा, माणशी नाही. तासाला हजार-दीड हजार बात असं साधारण ऐकू येतं, पण किती तास, कुठून आत शिरणार, कुठे थांबणार, कुठे उतरवणार हे चारही आधी बोलून घ्या आणि मोबाईलवर टाईप करून दाखवा. पहिल्या वेळी आमच्या बोटवाल्याने दोन वळणं घेतली, एका देवळाजवळ माशांना पाव घालायला थांबवलं, आणि चाळीस मिनिटांत परत. काहीच ठरलेलं नव्हतं, तर भांडणार कशावरून?

कालवा म्हणजे ख्लोंग. थोनबुरीच्या, म्हणजे नदीपलीकडच्या बाजूचे बँकॉक नोई आणि बँकॉक याई हे दोन ख्लोंग मुळात चाओ फ्राया नदीचंच जुनं पात्र आहेत, सोळाव्या शतकात मधून आडवा चर खणला जहाजांचा फेरा वाचवायला, मग नदीने तोच रस्ता धरला आणि जुनं वळण कालवा होऊन राहिलं. म्हणजे आज पॅलेससमोरून जी रुंद नदी वाहते ती माणसाने खणलेली, आणि अरुंद गल्लीसारखा कालवा ती खरी नदी. थोनबुरी 1767 ते 1782 राजधानी होती, ताक्सिन राजाची. हे डोक्यात ठेवून बोटीत बसलात तर दोन्ही काठ एकाच गोष्टीचे वाटतात, नाहीतर सकाळी राजवाडा आणि दुपारी बोट अशा दोन सुट्या ट्रिपा होतात.

पण हे बोटीत ऐकू येत नाही! कालव्यातल्या या लाँगटेल बोटीला ट्रकसारखं इंजिन असतं, लांब दांड्याच्या टोकाला पंखा, आणि आवाज इतका की शेजारच्याने बोललेलं कळत नाही. गाईडला धक्क्यावरच सगळं सांगायला लावा. किंवा पाण्याच्या गेटजवळ. नदीतून कालव्यात जाताना दरवाजे आहेत, बोट आत घेतात, पाणी सारखं होईपर्यंत थांबतात, मग पुढचं दार उघडतं. लोक इथे वैतागतात, टाइम जातोय म्हणून. आमच्या बाईंनी नेमकं तिथेच इंजिन बंद असताना नदीच्या जुन्या पात्राची गोष्ट सांगितली. पावसाळ्याच्या शेवटी, सप्टेंबर-ऑक्टोबरला पाणी चढलेलं असलं तर गेट बंद असू शकतं किंवा खालच्या पुलांखालून बोट जात नाही, म्हणून निघायच्या आधी "आज गेट चालू आहे का" हे विचारा आणि बंद असेल तर दुसरा कुठला ख्लोंग ते तिथेच ठरवा.

राजाच्या बोटींचं म्युझियम बँकॉक नोईवरच आहे, तेही उघडं असल्याची आधी खात्री करा. सुफन्नाहाँग ही हंसाच्या तोंडाची बोट 1911 ची, 50 वल्हेकरी लागतात. नारायण गरुडावर बसलेली बोट पण आहे. राजवाडा आणि पाणी यांचा संबंध इथे डोळ्यांनी दिसतो, म्हणून कुठलाही फोटोचा स्टॉप गाळा पण हा नको.

अजून एक गोंधळ तरंगत्या बाजाराचा. फोटोत जो दिसतो, बायका होडीत फळं घेऊन, तो बहुतेक वेळा दामनोएन सादुआक, आणि तो राचबुरीत आहे, शहरापासून जवळजवळ 100 किलोमीटर. पॅलेसच्याच दिवशी तो होत नाही, कोणी होतो म्हणालं तर दोन्हीकडे पळापळ होणार. शहरातलाच हवा असेल तर तालिंग चान, पण शनिवार-रविवारच.

बोटीत बसताना धक्का हलतो, म्हाताऱ्या माणसांना दोघांनी धरा आणि मधल्या बाकावर बसवा, पुढे पाणी उडतं. लाइफ जॅकेट मागून घ्या. मोबाईल प्लास्टिकच्या पिशवीत. हात पाण्यात घालू नका, पायऱ्यांवर घोरपडी पडलेल्या असतात, आपल्याकडच्यापेक्षा बऱ्याच मोठ्या. आणि लोकांच्या ओट्यासमोरून जाताना घरात डोकावून फोटो काढू नका, कोणी भांडी घासत असतं, कोणी देवाला फुलं वाहत असतं. आईने एका आजींना हात केला, त्यांनी पण केला, एवढंच.

परतीला बोटवाल्याला वाट अरुणला सोडायला सांगा. अरुण म्हणजे आपलाच अरुण, सूर्याचा सारथी. वर चिनी मातीच्या कपबश्यांच्या तुकड्यांची फुलं आहेत, जवळून बघा. पायऱ्या खूप उभ्या आहेत, आई खालीच बसली. मग पाच बातच्या तरीने समोरच्या काठावर था तिएन धक्क्याला या आणि नदीकाठी जागा धरा, सूर्य त्या कळसामागे जातो, सहाच्या सुमाराला. तिथे राष्ट्रगीत लागलं तर उभे राहा.