खगोलजीवशास्त्र आणि ग्रहविज्ञान : पहिले पुस्तक कोणते घ्यावे?

जळगाव जिल्ह्यातील एका महाविद्यालयात भौतिकशास्त्र घेऊन बी.एस्सी.च्या शेवटच्या वर्षाला असताना मी ग्रहविज्ञानाचे पहिले पुस्तक मागवले आणि तेच नेमके चुकीचे निघाले. इम्के द पाटर आणि जॅक लिसॉअर यांचे ‘प्लॅनेटरी सायन्सेस’ हे या विषयातील मान्यवर पाठ्यपुस्तक आहे. परंतु ते कोणत्या पातळीच्या विद्यार्थ्यासाठी लिहिले आहे याची चौकशी न करता, शिकवण्यांतून साठवलेले पैसे त्यात घालून मी ते घेतले आणि कक्षांच्या गणिताच्या दुसऱ्या प्रकरणातच अडकलो. याच दोन लेखकांचे पदवीच्या विद्यार्थ्यांसाठीचे ‘फंडामेंटल प्लॅनेटरी सायन्स’ २०१३ मध्ये प्रसिद्ध झाले आहे, हे मला फार उशिरा कळले.

नवख्या वाचकाने ऑक्सफर्डच्या ‘व्हेरी शॉर्ट इंट्रोडक्शन’ मालिकेतील दोन लहान पुस्तकांपासून सुरुवात करावी, असे माझे मत आहे. त्यांतले आधी डेव्हिड रॉदरी यांचे ग्रहांवरील पुस्तक (२०१०) वाचावे आणि मग डेव्हिड कॅटलिंग यांचे खगोलजीवशास्त्रावरील, म्हणजे विश्वातील जीवसृष्टीच्या शक्यतेच्या अभ्यासावरील (२०१३). बहुतेक जण हा क्रम उलटा लावतात, कारण परग्रहावरील जीवसृष्टीचे कुतूहल मोठे असते. पण जीव कुठे तग धरेल हा प्रश्न आधी खडक, पाणी आणि हवा यांचा आहे. कॅटलिंग यांचे पुस्तक आकाराने लहान असले तरी मजकूर दाट आहे, त्यामुळे ते दोन दिवसांत संपवण्याच्या भरीस पडू नये.

पृथ्वीचे तापमान कोट्यवधी वर्षे सांभाळणारे कार्बनचे चक्र या विषयाच्या प्रत्येक चांगल्या पुस्तकात येते. ते मी तीनदा वाचले होते, तरी मला समजले मात्र पारोळा तालुक्यातील मामांच्या विहिरीवर. उन्हाळ्यात तिचे खोलीकरण चालू होते. वर काळी माती, तिच्यात चुनखडीचे पांढरे खडे, खाली मुरूम, मग काळा पाषाण, आणि त्या पाषाणाच्या दोन थरांमध्ये वीतभर जाडीचा विटकरी पट्टा. मामांच्या लेखी त्या पट्ट्याचा अर्थ एवढाच, की तेवढ्यापुरता सुरुंग लागत नाही. प्रत्यक्षात सुमारे ६ कोटी ६० लाख वर्षांपूर्वी लाव्ह्याचा एक थर निवल्यानंतर दुसरा येईपर्यंत जो काळ गेला, त्यात वरचा खडक झिजून त्याची माती झाली होती, आणि तीच पुढच्या लाव्ह्याखाली गाडली गेली. पावसाच्या पाण्यात हवेतील कार्बन डायऑक्साइड विरघळतो, ते पाणी बेसाल्ट, म्हणजे हाच काळा पाषाण, झिजवते, त्यातून सुटलेले कॅल्शियम नद्यांवाटे समुद्रात जाऊन त्या वायूतील कार्बनसह चुनखडक बनते आणि ज्वालामुखी तो वायू पुन्हा हवेत सोडतात. हवा तापली की झीज वाढते आणि वायू कमी होतो. शुक्रावर हे चक्र चालवायला पाणीच उरले नाही.

त्याच उन्हाळ्यात, भुसावळकडे पारा पंचेचाळिशीला टेकलेला असताना, मी वहीत ग्रहांची तापमाने काढत बसलो होतो. ग्रहावर पडणारी ऊर्जा आणि त्याने बाहेर टाकलेली ऊर्जा समान मानली, की हे गणित बारावीच्या भौतिकशास्त्रात बसते. वातावरणाचा उबदारपणा बाजूला ठेवला, तर पृथ्वीचे उत्तर उणे १८ अंश सेल्सिअस येते. शुक्राचे उणे ४४ आले तेव्हा मला आकडेमोड चुकल्याची खात्री वाटली आणि मी ती तीनदा तपासली. ती बरोबर होती, कारण शुक्राचे ढग तीन-चतुर्थांश प्रकाश परत फेकतात. त्याच्या पृष्ठभागावरील प्रत्यक्ष तापमान सुमारे ४६४ अंश आहे, म्हणजे मधली सगळी तफावत त्याच्या जाड वातावरणाची करणी आहे. अशी वही सोबत ठेवल्याशिवाय ही पुस्तके वाचू नयेत.

सूक्ष्मजीवशास्त्राच्या विद्यार्थ्याची अडचण माझ्या उलट असते. पेशी त्याला ठाऊक असते, पण कक्षा आणि वर्णपट परके असतात. त्याला जेफ्री बेनेट आणि सेथ शोस्टाक यांचे ‘लाइफ इन द युनिव्हर्स’ अधिक मानवेल, कारण त्यात गणित बेताचे आहे. टोकाच्या परिस्थितीत जगणाऱ्या जीवांचे प्रकरण वाचून झाले, की शेजारच्या बुलढाणा जिल्ह्यातील लोणारला एकदा जाऊन यावे. बेसाल्टमध्ये उल्कापाताने झालेल्या त्या विवरातील खारे, अल्कधर्मी पाणी २०२० च्या जूनमध्ये गुलाबी झाले होते, आणि पुण्याच्या आघारकर संशोधन संस्थेला त्यामागे मीठप्रिय सूक्ष्मजीव आढळले.

पुस्तक पारखण्याची माझी एक कसोटी आहे: ‘सापडले’ आणि ‘कुठून आले’ हे दोन प्रश्न लेखक वेगळे ठेवतो का? जयंत नारळीकर यांच्या पुढाकाराने हैदराबादहून सोडलेल्या बलूनने २००५ मध्ये २० ते ४१ किलोमीटर उंचीवरील हवेचे नमुने आणले आणि त्यांत जिवाणूंच्या तीन नव्या जाती मिळाल्या. तरी त्या पृथ्वीबाहेरच्या आहेत हे यातून सिद्ध होत नाही, असे इस्रोने स्पष्ट केले होते. जे पुस्तक एवढा संयम पाळत नाही, ते विकत घेऊ नये.

पुढील शिक्षणाबद्दल थोडक्यात सांगायचे, तर पदवी भौतिकशास्त्र, रसायनशास्त्र, भूविज्ञान किंवा सूक्ष्मजीवशास्त्रातच घ्यावी आणि या विषयाकडे संशोधनाच्या टप्प्यावर वळावे. सुरतेच्या गाडीने गाठता येणाऱ्या अहमदाबादेतील भौतिक संशोधन प्रयोगशाळेत ग्रहविज्ञानाचा स्वतंत्र विभाग आहे.

ते जाड पुस्तक मी एम.एस्सी.च्या दुसऱ्या वर्षी पुन्हा उघडले, तेव्हा थेट सूर्यतापाच्या तिसऱ्या प्रकरणापासून सुरुवात केली, आणि वहीतले ते समीकरण तिथे ओळखीचे निघाले. दुसऱ्या प्रकरणातील काही गणिते अजून सुटायची आहेत.