सुलोचना नेमकी कोणती? जुन्या ताऱ्यांची चित्रपटसूची करताना

जुन्या नटनट्यांच्या सूच्या फसतात त्या बहुतेक वेळा सारख्या नावांमुळे. श्रेयनामावलीत नुसतं ‘सुलोचना’ असेल तर ती मूकपटांची तारका रूबी मायर्स की सुलोचना लाटकर? रूबी मायर्स पुढे चरित्रभूमिका करू लागल्या, त्यामुळे १९५०नंतर घोळ वाढतो. गायिकांमधली सुलोचना तर तिसरीच: आधी कदम, नंतर चव्हाण.

म्हणून व्यक्तीची यादी आधी करूच नका. प्रत्येक चित्रपटाचं कार्ड करा: संस्था, दिग्दर्शक, भाषा, सेन्सॉरची तारीख, पहिलं प्रदर्शन (गाव आणि थिएटर), भूमिकेचं नाव. प्रत्येक नोंदीपुढे ती कुठून घेतली तेही लिहा. हे टाळलं की पुढे दुरुस्तीच करता येत नाही. ‘अनारकली’ची निदान तीन कार्डं होतात. १९२८चा मूकपट आणि १९३५चा बोलपट, दोन्हींत रूबी मायर्स नायिका. १९५३मध्ये त्याच जोधाबाई. प्रभातचा ‘कुंकू’ (१९३७) आणि त्याची हिंदी आवृत्ती ‘दुनिया न माने’ यांचीही कार्डं वेगळी ठेवा.

पुराव्यात पहिला मान प्रिंटवरच्या नामावलीला. मूकपटांचे प्रिंट फारसे उरलेच नाहीत, तेव्हा भिस्त पुस्तिकेवर, म्हणजे चित्रपटासोबत विकल्या जाणाऱ्या कथासार-नामावलीच्या छापील चोपडीवर. पुण्याच्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयात पुस्तिका आणि स्थिरचित्रं आहेत. जाण्याआधी हव्या त्या शीर्षकांची यादी कळवा. पण पुस्तिका प्रदर्शनाआधी छापली जाई, म्हणून तिच्यातलं एखादं गाणं पडद्यावर नसूही शकतं. बऱ्याच पुस्तिकांवर साल नसतं. किंमत ‘नये पैसे’त असेल तर ती १ एप्रिल १९५७नंतरची, म्हणजे जुन्या चित्रपटाची असली तर पुनर्प्रदर्शनाची.

प्रदर्शनाची तारीख वर्तमानपत्राच्या जाहिरातीतून काढा. त्या काळी नवा चित्रपट बहुधा शनिवारी लागे (‘आलम आरा’चा १४ मार्च १९३१ शनिवारच). ‘तिसरा आठवडा’ अशी जाहिरात सापडली तर दोन आठवडे मागे जाऊन पहिली शोधा, आणि ती मुंबईची की पुण्याची हे नोंदवा. सेन्सॉरची तारीख म्हणजे प्रदर्शनाची नव्हे. मुलाखतींतली सालं शेवटी, तीही पडताळून.

फोटोतला चेहरा ओळखताना भुवया आणि केशरचना विसरा, त्या मेकअपवाल्याच्या हातात असतात. कानाची पाळी, नाकपुड्या, दातांची ठेवण जुळवा. त्याआधी फोटो उलटा छापलेला नाही ना, ते कोटाच्या बटणांवरून किंवा पाटीवरच्या अक्षरांवरून पाहा.

स्कॅन ६०० डीपीआयवर, पुस्तिका पूर्ण न उलगडता. गंजलेल्या पिनांपाशी कागद फाटतो. सेलोटेप लावू नका. फोटोमागे लिहायचंच तर मऊ पेन्सिलीने, कडेला. ओळख पक्की नसेल तर कार्डावर ‘सुलोचना (?)’ असंच राहू द्या.